लोकयुद्ध आणि आत्मसंघर्ष : मुक्तिबोध बंधूंच्या संदर्भात युद्धकालीन साम्यवादी लेखनाचा तौलनिक विचार

१

जर्मनीने २२ जून १९४१ रोजी सोव्हिएत संघावर आक्रमण केले आणि भारतीय साम्यवाद्यांच्या दृष्टीने दुसऱ्या महायुद्धाचा अर्थ बदलला. तोपर्यंत जे ‘साम्राज्यशाही युद्ध’ होते ते काही महिन्यांच्या अंतर्गत वादानंतर ‘लोकयुद्ध’ ठरले. जुलै १९४२ मध्ये साम्यवादी पक्षावरील बंदी उठली. त्यानंतर पुरता महिनाही लोटला नाही तोच, ८ ऑगस्ट १९४२ रोजी, मुंबईत ‘चले जाव’चा ठराव संमत झाला. पक्ष उघडपणे काम करू लागला तो नेमका देश तुरुंगात जात असताना. या योगायोगाने पक्षाच्या वर्तुळातील लेखकांसमोर जो पेच उभा केला, त्याला त्या काळात सरळ उत्तर नव्हते. फॅसिझमचा पराभव ही मानवजातीची निकड होती आणि स्वातंत्र्य ही देशाची निकड होती. एकीसाठी दुसरी काही काळ बाजूला ठेवण्याची मागणी पक्षाने केली.

या काळातील साम्यवादी लेखनाचा विचार मराठी व हिंदी या दोन्ही वाङ्मयेतिहासांत साधारणपणे एका ठराविक पद्धतीने झालेला आहे. मराठीत शाहिरी वाङ्मय ‘प्रचार’ या सदरात घालून त्याचे ऐतिहासिक महत्त्व तेवढे मान्य केले जाते. हिंदीत ‘प्रगतिवाद’ हे एक प्रकरण संपवून ‘नयी कविता’ हे दुसरे सुरू होते आणि गजानन माधव मुक्तिबोध (१९१७–१९६४) यांची प्रतिष्ठापना मुख्यतः दुसऱ्या प्रकरणात होते. परिणामी युद्धकाळातील मुक्तिबोध आणि राजनांदगावचे मुक्तिबोध हे जणू दोन वेगळे लेखक ठरतात. प्रस्तुत निबंधात ही विभागणी तपासून पाहावयाची आहे. युद्धकाळात जो प्रश्न अनुत्तरित राहिला तोच मुक्तिबोधांच्या उत्तरकालीन दीर्घकवितेत परत येतो, आणि ही गोष्ट मराठीतील समकालीन लेखनाशेजारी ठेवून पाहिली असता अधिक स्पष्ट होते, असे येथे प्रतिपादन आहे.

२

या विषयाला भाषेची एक बाजू आहे. मुक्तिबोधांचे घराणे मराठी. वडील माधवराव ग्वाल्हेर संस्थानच्या पोलीस खात्यात, आई बुंदेलखंडातील, हिंदी वाचणारी. आपल्याला प्रेमचंदांची गोडी आईने लावली असे मुक्तिबोधांनी लिहून ठेवले आहे. धाकटे बंधू शरच्चंद्र मुक्तिबोध (१९२१–१९८४) मराठीत लिहू लागले, थोरले हिंदीत. एका घरातील दोन भावांनी दोन भाषांचे आधुनिक काव्य घडवावे, ही घटना एरवी कुतूहलाचा विषय होऊन राहते. परंतु माळवा, नागपूर आणि रायपूर या पट्ट्यात ती अपवादात्मक नव्हती.

रायपूर ज्यांची कर्मभूमी होती त्या माधवराव सप्रे (१८७१–१९२६) यांचे उदाहरण येथे उद्बोधक आहे. मातृभाषा मराठी असलेल्या सप्र्यांनी १९०० साली पेंड्रा येथून ‘छत्तीसगढ़ मित्र’ हे हिंदी मासिक सुरू केले, पुढे नागपुरातून ‘हिंदी केसरी’ काढला, ‘दासबोध’ आणि टिळकांचा ‘गीतारहस्य’ हे ग्रंथ हिंदीत आणले. १९०८ साली राजद्रोहाच्या आरोपाखाली त्यांना अटक झाली, माफीपत्रावर सुटका झाली आणि त्या माफीच्या सलीने त्यांना कित्येक वर्षे अंतर्मुख करून सोडले. राजकीय लेखन, सत्तेचा दाब आणि नंतरचा दीर्घ आत्मझगडा हा क्रम या प्रदेशात मुक्तिबोधांच्या आधीच एकदा घडून गेला होता. टिळकांचा विचार सप्र्यांच्या लेखणीतून या भागातील हिंदी वाचकांपर्यंत पोहोचला. त्यानंतर अर्धशतकाने मुक्तिबोधांच्या कवितेत टिळकांचा पुतळा येतो, तेव्हा त्यामागे ही परंपरा उभी असते.

मध्य प्रांत व वऱ्हाड हा द्विभाषिक प्रांत होता. नागपूर त्याची राजधानी आणि रायपूर छत्तीसगढ विभागाचे मुख्य ठाणे. १ नोव्हेंबर १९५६ च्या राज्यपुनर्रचनेने नागपूर द्विभाषिक मुंबई राज्यात गेले, रायपूर व दुर्ग नव्या मध्य प्रदेशात राहिले. १९४८ पासून नागपुरात असलेले मुक्तिबोध १९५८ साली राजनांदगावच्या दिग्विजय महाविद्यालयात अध्यापक म्हणून गेले, शरच्चंद्र नागपुरात मराठीचे अध्यापन करीत राहिले. वाङ्मयेतिहासाने या दोघांना जी दोन दालने दिली त्यांच्यामधील भिंत काही अंशी या पुनर्रचनेने बांधलेली आहे.

३

मुक्तिबोधांचे मार्क्सवादाकडे वळणे हे महायुद्धाच्या ऐन मध्यावर घडले. माळव्यातील शुजालपूर येथील शारदा शिक्षा सदन या शाळेत ते शिक्षक होते. तेथे नेमिचंद्र जैन यांचा सहवास लाभला. ‘तारसप्तक’मधील (१९४३) आपल्या निवेदनात १९३८ ते १९४२ ही वर्षे त्यांनी मानसिक संघर्षाची आणि बर्गसाँच्या व्यक्तिवादाच्या प्रभावाची म्हणून नोंदवली आहेत व आपला कल क्रमाक्रमाने मार्क्सवादाकडे झाल्याचे सांगितले आहे. १९४२ च्या आंदोलनात ही शाळा बंद पडली आणि मुक्तिबोध उज्जैनला गेले. ज्या ठिकाणी त्यांना मार्क्सवाद सापडला ते ठिकाण ‘चले जाव’च्या लाटेत मिटले. या तपशिलाला प्रतीकाचे रूप देण्याचे कारण नाही. पण वैचारिक स्वीकार आणि राष्ट्रीय उठाव या दोन गोष्टी त्यांच्या आयुष्यात किती लगटून आल्या, हे त्यावरून कळते.

उज्जैनमध्ये त्यांनी मध्य भारत प्रगतिशील लेखक संघाची उभारणी केली. १९४४ साली इंदूर येथे फॅसिस्टविरोधी लेखक संमेलन भरवण्यात त्यांचा पुढाकार होता आणि राहुल सांकृत्यायन त्याचे अध्यक्ष होते. तिकडे ‘तारसप्तक’चे संपादक अज्ञेय यांनी १९४२ साली दिल्लीत फॅसिस्टविरोधी संमेलनाच्या कामात भाग घेतला व पुढे ते सैन्यात दाखल झाले. ज्या संग्रहापासून हिंदीतील ‘प्रयोगवाद’ मोजला जातो, त्यातील सात कवींपैकी मुक्तिबोध, नेमिचंद्र जैन, भारतभूषण अग्रवाल आणि रामविलास शर्मा हे त्या वेळी मार्क्सवादाच्या निकट होते. सातांपैकी प्रभाकर माचवे हे मुक्तिबोधांप्रमाणेच मराठीभाषक. म्हणजे हिंदी नवकाव्याचा हा आरंभबिंदू युद्धकालीन फॅसिस्टविरोधी आघाडीच्या आतच आहे. पुढील काळात अज्ञेय आणि मुक्तिबोध ही दोन विरुद्ध टोके मानली गेली, त्यामुळे या समान भूमीचा विसर पडला.

परंतु संघटनेच्या पातळीवर इतका सक्रिय असलेला हा कवी त्या वर्षांतील कवितेत मात्र घोषणेच्या सुरात फारसा स्थिरावत नाही. ‘तारसप्तक’मधील त्याच्या कविता स्वतःच्या मनाची चिरफाड करणाऱ्या, पुष्कळदा उदास आहेत. सभेत आणि पत्रकात जो ठामपणा आहे तो कवितेत शंकेचे रूप घेतो. हा विसंवाद केवळ स्वभावाचा मानावा की त्याला वाङ्मयप्रकाराचे व सामाजिक स्थानाचे कारण आहे, हे पाहण्यासाठी त्याच सुमाराच्या मराठी लेखनाकडे वळणे आवश्यक ठरते.

४

लोकयुद्धाच्या भूमिकेतून निर्माण झालेले मराठीतील सर्वांत परिणामकारक लेखन म्हणजे अण्णा भाऊ साठे (१९२०–१९६९) यांचा ‘स्टालिनग्राडचा पोवाडा’. स्टालिनग्राडमधील जर्मन सैन्याने फेब्रुवारी १९४३ च्या आरंभी शरणागती पत्करली. व्होल्गाकाठच्या त्या लढाईची कथा मुंबईच्या गिरणगावात डफ-तुणतुण्यावर गायिली गेली. दूरच्या शहराची ही लढाई मराठी श्रोत्याला परकी वाटली नाही, याचे श्रेय बऱ्याच अंशी प्रकाराला आहे. वेढा, तटबंदी, संख्येने भारी शत्रू आणि मावळ्यांची जिद्द ही पोवाड्याची जुनी चौकट सिंहगडापासून श्रोत्यांच्या कानात बसलेली होती. त्या चौकटीत स्टालिनग्राड हा एक किल्ला झाला. आंतरराष्ट्रीय राजकारणाचे भाषांतर करण्याची गरज उरली नाही, कारण प्रकारानेच ते आधी करून ठेवले होते.

मे १९४३ मध्ये मुंबईत भारतीय जननाट्य संघाची स्थापना झाली. १९४४ च्या सुमारास अण्णा भाऊ, अमर शेख आणि द. ना. गवाणकर यांचे लाल बावटा कलापथक उभे राहिले. बंगालच्या १९४३ च्या दुष्काळाने या लेखनाला देशी विषय दिला. ‘बंगालची हाक’ ही अण्णा भाऊंची रचना त्यातूनच आली. दुष्काळात लोकयुद्धाची भूमिका काही प्रमाणात आपले नैतिक बळ परत मिळवते, कारण तेथे शत्रू दूरच्या आघाडीवर नव्हता, धान्याच्या कोठारात होता. तरी या लेखनाची मर्यादाही येथेच दिसते. साठेबाज आणि नोकरशाही यांवर त्याचा रोख असतो, परंतु युद्धप्रयत्नांत खीळ बसेल असा संघर्ष टाळण्याचे पक्षाचे धोरण असल्यामुळे ज्या राज्यव्यवस्थेने हा दुष्काळ घडू दिला तिच्याशी दोन हात करण्याची हाक त्याला देता येत नाही. शाहिराचा आवाज खणखणीत आहे, पण एका दिशेला तो जाणूनबुजून थांबतो.

हे थांबणे म्हणजे लेखकाची अप्रामाणिकता, असा निष्कर्ष काढणे अन्यायाचे होईल. पोवाडा हा समूहाला उद्देशून असलेला प्रकार आहे. शाहीर शंका बोलून दाखवीत नाही, कारण श्रोता धीर घेण्यासाठी आलेला असतो. शंकेला जागा द्यावयाची तर दुसरा प्रकार हवा.

५

यावरून असे सोपे समीकरण मांडण्याचा मोह होतो की मराठीत पोवाड्याची जिवंत सार्वजनिक परंपरा असल्यामुळे मराठी साम्यवादी लेखन बहिर्मुख राहिले आणि माळव्यातील हिंदी कवीला ती उपलब्ध नसल्यामुळे तो अंतर्मुख झाला. शरच्चंद्र मुक्तिबोधांचे लेखन हे समीकरण मोडते. ते मराठीत लिहीत होते, मार्क्सवादी होते, आणि तरीही त्यांनी पोवाडा हाताळला नाही. ‘नवी मळवाट’ (१९४९) या संग्रहात त्यांनी मुक्तछंद स्वीकारला. पुढे ‘क्षिप्रा’ (१९५४), ‘सरहद्द’ (१९६२) आणि ‘जन हे वोळतु जेथे’ (१९६९) या कादंबरीत्रयीत माळव्यातील बिशू या तरुणाच्या जडणघडणीतून स्वातंत्र्यपूर्व काळ उभा केला. राजकारण येथे घोषणेतून कळत नाही. मध्यमवर्गीय घरातील एका मनाला ते हळूहळू कसे कळू लागते, यातून ते वाचकापर्यंत येते.

म्हणजे फरक केवळ भाषेचा नाही. अण्णा भाऊ वाटेगावहून मुंबईला पायी आलेल्या कुटुंबातील, मजुरी करून वाढलेले, ज्या श्रोत्यांसमोर गात त्यांच्यातलेच एक. मुक्तिबोध बंधू शिक्षक, मध्यमवर्गीय, ज्यांच्या बाजूने लिहावयाचे त्यांच्यापासून एका अंतरावर उभे. हे अंतर ज्याला जाणवते त्याच्या लेखनात ‘आपण कोणाच्या वतीने बोलतो’ हा प्रश्न अटळपणे येतो. हिंदी समीक्षेने ज्याला मुक्तिबोधांचा ‘आत्मसंघर्ष’ म्हटले, त्याचे मूळ बव्हंशी या वर्गीय अंतरात आहे. शरच्चंद्रांनी ‘सृष्टी, सौंदर्य आणि साहित्यमूल्य’ (१९७८) या ग्रंथात साहित्यमूल्याची उपपत्ती ‘मानुषते’च्या आधारे मांडली. या ग्रंथाला साहित्य अकादमीचा पुरस्कार लाभला. वर्गीय विश्लेषण न सोडता त्याच्या पलीकडील मानवी आशय शोधण्याची ही खटपट दोन्ही भावांत समान आहे. एकाने ती सिद्धान्तात केली, दुसऱ्याने कवितेत आणि ‘एक साहित्यिक की डायरी’मधील संवादरूप निबंधांत.

६

नागपूरच्या वर्षांत मुक्तिबोधांनी ‘नया खून’, ‘सारथी’ या साप्ताहिकांतून राजकारणावर, विशेषतः आंतरराष्ट्रीय घडामोडींवर, पुष्कळ लिहिले, त्यातील बराच भाग टोपणनावांनी. ‘अवंतीलाल गुप्त’ आणि ‘यौगंधरायण’ ही त्यांतील दोन नावे. पहिल्यात उज्जैनची खूण आहे. दुसरे भासाच्या नाटकांतील वेषांतर करून राज्यकार्य साधणाऱ्या अमात्याचे नाव आहे. युद्धकाळात ज्याने उघडपणे संमेलने भरवली, त्याला स्वतंत्र देशात राजकीय मत वेषांतराने मांडावे लागले, हा बदल लक्षात घेण्याजोगा आहे.

नागपूर ते राजनांदगाव या काळात आकाराला आलेली ‘अंधेरे में’ ही दीर्घकविता नोव्हेंबर १९६४ च्या ‘कल्पना’ मासिकात, कवीच्या मृत्यूनंतर, प्रसिद्ध झाली. एम्प्रेस मिलच्या कामगारांवरील गोळीबाराच्या स्मृतीशी तिचा संबंध अनेकदा जोडला जातो. या कवितेचे वाचन बहुधा अस्तित्ववादी अस्मितेच्या शोधाच्या किंवा येऊ घातलेल्या हुकूमशाहीच्या भाकिताच्या अंगाने होते. रामविलास शर्मा आणि नामवर सिंह यांच्यातील मतभेदांनी या दोन दिशांना धार दिली. युद्धकाळाच्या संदर्भात मात्र तिच्यातील तीन प्रसंग एकत्र पाहावयास हवेत.

पहिला प्रसंग मध्यरात्रीच्या मिरवणुकीचा. बँड, घोडदळ, रणगाडे, सेनाधिकारी आणि त्यांच्यामागे शहरातील प्रतिष्ठित पत्रकार, कवी, उद्योगपती, मंत्री व कुख्यात गुंड डोमाजी उस्ताद चालत आहेत. १९४० च्या दशकातील फॅसिस्टविरोधी लेखनाची ही संपूर्ण चित्रसामग्री आहे, पण फॅसिझम आता बर्लिनमध्ये नाही, आपल्याच गल्लीत आहे आणि त्यात लेखकही सामील आहेत. दुसरा प्रसंग टिळकांच्या पुतळ्याचा, ज्याच्या नाकातून रक्त वाहते. तिसरा गांधींचा. अंधारात भेटलेली ही आकृती निवेदकाच्या स्वाधीन एक मूल करते. ते मूल पुढे सूर्यफुलांचा गुच्छ होते आणि त्या गुच्छाच्या जागी बंदूक येते.

या प्रसंगांची सांगड १९४२ शी घातली की कवितेचा एक निराळा अर्थ उलगडतो. १९४२ साली साम्यवादी लेखकाला फॅसिस्टविरोध आणि गांधींचे आंदोलन यांतून निवड करावी लागली होती. ‘अंधेरे में’ ही निवड मागे घेते. येथे फॅसिस्ट मिरवणुकीला तोंड देणारा माणूस राष्ट्रीय चळवळीच्या दोन सर्वांत मोठ्या पुढाऱ्यांना आपल्या बाजूला भेटतो. एक जखमी आहे, दुसरा आपले कार्य पुढच्याच्या हाती सोपवून बाजूला होतो. मुलाची बंदूक होणे हे गांधींचे खंडन मानता येईल. परंतु मूल गांधींकडूनच येते, ही गोष्ट त्या खंडनात विरघळून जात नाही. वारसा आणि विच्छेद या दोन्ही गोष्टी एकाच वस्तूत राहतात. युद्धकाळात पक्षाच्या ठरावाला जे जमले नाही, ते एका प्रतिमेने अठरा-वीस वर्षांनंतर करून पाहिले.

यावर एक आक्षेप संभवतो. मुक्तिबोधांनी १९४२ विषयी पश्चात्तापाचे काही लिहून ठेवलेले नसताना कवितेत त्याचे प्रायश्चित्त शोधणे म्हणजे चरित्र कवितेवर लादणे नव्हे काय? हा आक्षेप रास्त आहे आणि म्हणूनच येथे पश्चात्ताप हा शब्द टाळलेला आहे. कवितेत जे आहे ते अपराधी मन जरूर आहे, पण ते एका धोरणाबद्दलचे नाही, निष्क्रिय राहिल्याबद्दलचे आहे. प्रस्तुत प्रतिपादन इतकेच की ज्या दोन निष्ठा इतिहासाने समोरासमोर उभ्या केल्या होत्या, त्या या कवितेच्या रचनेत परत एकत्र आलेल्या आहेत. ही गोष्ट पाठ्याच्या आधारे दाखवता येते.

७

रायपूरपासून पश्चिमेस सुमारे ७० किलोमीटरवर असलेले राजनांदगाव तेव्हा दुर्ग जिल्ह्यात होते. गाव लहान, पण त्याला कामगार चळवळीचा इतिहास होता. बंगाल-नागपूर कॉटन मिलमधील १९२० चा दीर्घ संप ठाकूर प्यारेलाल सिंह यांच्या नेतृत्वाखाली येथेच झाला. संस्थानिकाच्या वाड्यात भरणाऱ्या महाविद्यालयाच्या एका भागात मुक्तिबोधांचे बिऱ्हाड होते, भोवती तलाव. येथेच आयुष्यातील दुसरे युद्धपर्व त्यांच्या वाट्याला आले.

सप्टेंबर १९६२ मध्ये त्यांच्या ‘भारत : इतिहास और संस्कृति’ या पाठ्यपुस्तकावर मध्य प्रदेश शासनाने बंदी घातली. पुस्तकातील इतिहासदृष्टीविरुद्ध धर्माभिमानी गटांनी मोहीम चालवली होती. त्यानंतर महिनाभरात, २० ऑक्टोबरला, चीनचे आक्रमण झाले आणि २६ ऑक्टोबरला आणीबाणी घोषित झाली. साम्यवादी पक्षात चीनच्या प्रश्नावरून उभी फूट पडली, अनेक कार्यकर्ते स्थानबद्ध झाले आणि १९६४ साली पक्ष दुभंगला. १९४२ साली साम्यवादी लेखक सरकारच्या बाजूचा म्हणून संशयास्पद होता. १९६२ साली तो शत्रूच्या बाजूचा म्हणून संशयास्पद झाला. दोन्ही वेळा आरोप एकच, देशाशी प्रतारणेचा. मुक्तिबोधांच्या बाबतीत तर बंदी युद्धाच्या आधी आली होती. ज्या हवेत पुस्तके नको होतात ती युद्धाने निर्माण केली नाही, तिला केवळ कायद्याचे कवच दिले. ‘अंधेरे में’मधील मिरवणुकीत लेखक आणि पत्रकार का चालतात, याचे एक उत्तर या घटनाक्रमात आहे.

फेब्रुवारी १९६४ मध्ये मुक्तिबोधांना पक्षाघात झाला आणि ११ सप्टेंबर १९६४ रोजी दिल्लीत त्यांचा अंत झाला. ‘चाँद का मुँह टेढ़ा है’ हा पहिला स्वतंत्र काव्यसंग्रह त्यांच्या हाती पडला नाही. तोवर तरुण कवींचा एक वर्ग त्यांच्याकडे वळला होता. राजनांदगावचे आणि पुढे रायपूरचे झालेले विनोदकुमार शुक्ल त्यांपैकी एक.

८

या विवेचनातून दोन गोष्टी समोर येतात. पहिली अशी की ‘प्रचार’ आणि ‘आत्मसंघर्ष’ या युद्धकालीन साम्यवादी लेखनाच्या श्रेणी नव्हेत. एकाच ऐतिहासिक पेचाला दोन सामाजिक स्थानांवरून आणि दोन वाङ्मयप्रकारांतून दिलेले ते प्रतिसाद आहेत. अण्णा भाऊंचा पोवाडा ऐकणाऱ्याला धीर देतो आणि त्यासाठी एका प्रश्नापाशी थांबतो. मुक्तिबोधांची दीर्घकविता तो प्रश्न पुढे नेते, पण ज्यांच्यासाठी तो विचारलेला असतो त्यांच्यापर्यंत ती क्वचितच पोहोचते. एकाची उणीव ती दुसऱ्याची शक्ती, आणि हा व्यवहार दोन्ही बाजूंनी चालतो. दुसरी गोष्ट अशी की हा संबंध केवळ मराठी वा केवळ हिंदी वाङ्मयेतिहासातून दिसत नाही. सप्रे, मुक्तिबोध बंधू आणि माचवे यांचा प्रदेश एक, राजकीय अनुभव एक, भाषा दोन. त्यांना जोडणारा इतिहास लिहावयाचा तर तो नागपूर-रायपूर या जुन्या रस्त्याने, प्रांताच्या १९५६ पूर्वीच्या नकाशावर लिहावा लागेल.